जादूची डोंगररांग रचायची तर आधी पाऊस पाडा

कथेसाठी किंवा खेळासाठी डोंगररांग रचायला बसलं की हात आधी जादूकडेच जातो: तरंगती शिखरं, बोलणारे कडे, चमकणाऱ्या गुहा. मग तिसऱ्या प्रकरणात नायक घाट चढायला लागतो आणि त्याला प्यायला पाणी कुठे मिळणार हे लेखकालाच सांगता येत नाही. म्हणून क्रम उलटा ठेवा. वारा, पाऊस, नद्या, वाटा, वस्ती, आणि जादू सगळ्यात शेवटी. तीही एकच.

ए-थ्री आकाराचा आलेख कागद आडवा घ्या. १ सेंटीमीटरला २ किलोमीटर धरले तर साधारण ८४ बाय ५९ किलोमीटरचा मुलूख बसतो. एका कादंबरीला तो पुष्कळ झाला. पेन्सिलीने माथ्याची रेघ वाकडीतिकडी ओढा, तिला दोन्ही अंगांनी सोंडा फुटू द्या आणि पाच-सहा ठिकाणी उंची लिहा. सह्याद्रीसारखी रांग हवी असेल तर सर्वांत उंच शिखर १६०० मीटरच्या आसपास (कळसूबाई १६४६ आहे) आणि घाटमाथा ७०० ते १००० मीटर. पाच-सहा हजार मीटरचा मोह आवरा. तिथे शेती नाही, गावही क्वचितच, धाप न लागता कुणाला भांडताही येत नाही.

आता वारा. कागदाच्या एका कडेला बाण काढा. ढग त्या अंगाला रिकामे होतात, पलीकडे उन्हाळा. हा फरक लोक फार मवाळ दाखवतात. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो. तिथून सरळ रेषेत पंचवीसेक किलोमीटरवरच्या वाईला हजाराच्याही आत. एका दिवसाच्या चालीत भाताचं खाचर संपून ज्वारी लागली पाहिजे.

नकाशे सर्वांत जास्त फसतात ते नद्यांपाशी. नदी खाली उतरताना दुसरीला मिळते. दोन फाटे फुटून वेगळ्या दिशांना जात नाही (समुद्राजवळचा त्रिभुज प्रदेश सोडा). तळ्यातून बाहेर पडणारा ओढा एकच. पाणी तुमची माथ्याची रेघ ओलांडत नाही, आणि जवळचा समुद्र गाठलाच पाहिजे असंही त्याच्यावर बंधन नाही. कृष्णा अरबी समुद्रापासून जेमतेम ६४ किलोमीटरवर उगम पावते आणि त्याला पाठ दाखवून सुमारे १४०० किलोमीटर चालत बंगालचा उपसागर गाठते. सावित्री त्याच पठारावरून निघून पश्चिमेला उतरते. अशी एक जोडी तुमच्या रांगेत ठेवा. दोन राज्यांचं वैर आयतं मिळतं.

घाटवाटा माथा जिथे खाली वाकतो तिथेच. एवढ्या मुलखात लादलेल्या बैलांची एक आणि माणसापुरत्या दोन-तीन नाळा (घळीतून चढणाऱ्या अरुंद वाटा) पुरेत. वेळेचा हिशोब: सपाटीला तासाला ५ किलोमीटर, शिवाय दर ६०० मीटर चढाला एक तास. १२ किलोमीटर आणि ७०० मीटर चढ म्हणजे साडेतीन तास, तेही न थांबता. बैल असतील तर दुप्पट धरा. वस्ती मात्र वैशाखातही पाणी टिकतं अशाच जागी टाका.

आता जादू. चार गोष्टी कागदावर लिहून काढा: ती कशात आहे, कधी चालते, कुठे थांबते, तिची किंमत कोण मोजतं. नमुने खऱ्या डोंगरातच सापडतात. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर ऊन पाठीशी आणि धुकं समोर खाली असलं की धुक्यावर इंद्रवज्र, म्हणजे गोल रंगीत कडं, दिसतं, पण प्रत्येकाला स्वतःच्याच डोक्याच्या सावलीभोवती. शेजाऱ्याचं कडं आपल्याला दिसत नाही. नियम इतका नेमका असला की जादू पटते.

एक रांग रचून पाहू. काळा कातळ दिवसभर ऊन पितो आणि रात्री ऊब सोडतो. आपल्या रांगेत तो आवाजही तसाच पितो. उघड्या काळ्या कातळापासून दहा हातांच्या आत दिवसा बोललेलं ऐकूच येत नाही. सूर्य बुडाल्यावर पहिल्या प्रहरात कातळ ते ज्या क्रमाने बोललं गेलं त्याच क्रमाने परत देतो, एकदाच. माती, झाडी आणि जांभ्याचा सडा (जांभ्या दगडाचं सपाट पठार) यांच्यावर काही होत नाही. ओला कातळ आवाज पीत नाही. बोलून झालेल्या दगडाची खपली निघते, म्हणून रहदारीच्या खिंडी वर्षागणिक रुंद होत जातात.

लगेच विचारा: इथले लोक काय करतील? गुराखी हाळी देणार नाही, फडकं हलवेल. जकातदार दिवसा झोपेल आणि दिवेलागणीला खिंडीत कान देऊन बसेल. किती तांडे गेले, कुणी खोटा माल सांगितला, सगळं कळेल. चोरटा व्यापारी बैलांच्या घंटांत चिंध्या कोंबेल. सोयरीक ठरवायची बैठक सड्यावरच भरेल. हे नायकाला पहिल्यांदाच सुचलं असं दाखवलंत तर वाचक विचारेल, इतकी वर्षं बाकीचे काय करत होते?

शेवटी तीन माणसं रांग ओलांडून न्या: मिठाचा व्यापारी, बाळंतपणाला माहेरी निघालेली लेक, पळून जाणारा शिपाई. तिघांच्या वाटा, वेळा आणि पाणवठे लिहा. कुणी अडकलं तर खिंड किंवा झरा सरकवा. जादूचा नियम बदलू नका, एका सवलतीमागून दहा मागितल्या जातात. पावसाळ्यासाठी नकाशावर पारदर्शक कागद ठेवून फुगलेले ओढे आणि बंद वाटा वेगळ्या काढा. त्या चार महिन्यांत कातळ ओला, म्हणजे खिंडीत कट बिनधास्त शिजवता येतो, पण नाळा पाण्याखाली असल्याने तिथवर पोचायचं एकाच बैलवाटेने, चौकीसमोरून.