डिफिकल्टी फुल्ल केली म्हणून लूट फुल्ल पडत नाही

लूट शूटर, म्हणजे शत्रू मारून बंदुका-सामान (लूट) गोळा करायचा गेम, नवीन घेतला की पोरं पहिलं काय करतात तर डिफिकल्टी ओढून टोकाला नेतात, कारण कुठेतरी ऐकलेलं असतं की वरती चांगली लूट पडते. हे खोटं नाहीये, पण अर्धंच खरं आहे, आणि त्या अर्ध्यापायी अख्खा रविवार एका बॉसच्या (मोठ्या शत्रूच्या) मागे जातो आणि संध्याकाळी हातात काय तर दोन निळ्या, म्हणजे मामुली बंदुका. फोंड्यातल्या आमच्या ग्रुपमध्ये दर आठवड्याला कोणीतरी हेच विचारतं, "मेहेम किती ठेवू", "वर्ल्ड टियर किती ठेवू" (दोन्ही डिफिकल्टीचीच नावं), आणि दरवेळी तेच तेच टाईप करून बोटं दुखायला लागलीत, म्हणून एकदाच सगळं लिहून टाकतोय.

पहिलं काम म्हणजे तुमच्या गेममध्ये डिफिकल्टी वाढवल्यावर नक्की काय वाढतं ते शोधा. चार गोष्टी असू शकतात. चांगली वस्तू पडायचा चान्स वाढतो, किंवा तीच वस्तू जास्त दमाची पडते, किंवा खाली कधीच न पडणारी वेगळीच वस्तू पडायला लागते, किंवा मग लूट तशीच राहते आणि नुसता एक्सपी (लेव्हल वाढवणारे पॉइंट) नाहीतर करन्सी (गेममधले पैसे) वाढते. बऱ्याच गेममध्ये यातल्या दोन-तीन एकत्र मिसळलेल्या असतात आणि सगळा घोळ तिथेच होतो, कारण चौघांचंही उत्तर वेगळं आहे.

नुसता चान्स वाढत असेल तर सरळ हिशोब करायचा, तासाला किती पडतं याचा. एका रनला (बॉसला गाठून मारायच्या एका फेरीला) किती चान्स आहे ते बघून काहीच कळत नाही. म्हापशाचा माझा मावसभाऊ आहे, तो कायम सगळ्यात वरच्या लेव्हलला बसलेला असतो, त्याला म्हटलं एका रनला किती मिनिटं लागतात रे तुला, तर म्हणतो "मोजली नाहीत, पण वरती ड्रॉप जास्त आहे मरे!" आता धरून चला की खालच्या लेव्हलला ५ टक्के चान्स आहे आणि वर ८ टक्के. ऐकायला ८ मस्तच वाटतात. पण लोडिंग, बॉसपर्यंत धावणं, लूट उचलणं, बाहेर पडून परत येणं याला मिळून २ मिनिटं जातात, खाली बॉस १ मिनिटात मरतो आणि वर ४ मिनिटं खातो. म्हणजे खाली रन ३ मिनिटांची, तासाला २० रन, २० गुणिले ५ टक्के म्हणजे सरासरी एक ड्रॉप. वर रन ६ मिनिटांची, तासाला १० रन, १० गुणिले ८ टक्के म्हणजे ०.८. वर जाऊन घाम गाळला आणि मिळालं कमी, त्यात मध्ये दोनदा मेलात तर ते वेगळंच.

पण थांबा, यात एक गंमत आहे जी फार कोणी बघत नाही. समजा तुमचा पीसी जुना आहे, एसएसडी (फास्ट डिस्क) नाही, किंवा बॉसपर्यंतचा रस्ताच लांबलचक आहे, आणि लोडिंग-धावपळीच्या त्या २ मिनिटांची ५ मिनिटं होतात. आता खालची रन ६ मिनिटांची, तासाला १०, म्हणजे ०.५ ड्रॉप. वरची ९ मिनिटांची, तासाला साडेसहाच्या थोड्या वर, म्हणजे ०.५३. उलटलं की नाही! तोच गेम, तोच बॉस, तीच बंदूक, पण स्लो हार्ड डिस्कवाल्याने डिफिकल्टी वर ठेवायची आणि फास्ट मशीनवाल्याने खाली. कारण एवढा वेळ लोडिंगमध्ये घालवून आलाच आहात तर त्या एका मारण्यातून जास्तीत जास्त निघालं पाहिजे. म्हणून दुसऱ्याचा सेटिंग आंधळेपणाने कॉपी करू नका, मोबाईलवर स्टॉपवॉच लावा, दोन्ही लेव्हलला चार-पाच रन मारा आणि स्वतःचे आकडे घाला.

आता दुसरा प्रकार, वस्तूच जास्त दमाची पडते तो. इथे बॉर्डरलँड्स ३ डोळ्यासमोर ठेवा. २०१९ ला आला तेव्हा मेहेमच्या तीनच लेव्हल होत्या, मग २०२० च्या एप्रिलमध्ये मेहेम २.० आला आणि लेव्हल १० झाल्या, आणि तिथपासून बंदुकीवरच मेहेमचा आकडा यायला लागला. मेहेम १० ला पडलेली बंदूक आणि तीच बंदूक, तीच लेव्हल, पण मेहेमशिवाय पडलेली, यांच्या डॅमेजमध्ये जमीन अस्मानाचा फरक. म्हणजे इथे तासाला किती हा हिशोब एकटा पुरत नाही, कारण खाली गोळा केलेली शंभर लेजेंडरी (सगळ्यात दुर्मीळ बंदुका) वर गेल्यावर खेळणी होतात. पण म्हणून पहिल्याच दिवशी १० वर उडी मारायची नाही, तिथे तुमची जुनी बंदूक गुदगुल्या करणार आणि तुम्ही एका फटक्यात आडवे. पायरी पायरीने जा: थोडं वर चढा, तिथली एक बरी बंदूक मिळाली की लगेच पुढे, मधल्या लेव्हलला परफेक्ट रोल (अगदी हव्या त्या गुणांची बंदूक) शोधत बसू नका कारण ती बंदूक दोन पायऱ्यांनी फेकूनच द्यायची आहे. सगळा जीव तोडून फार्म करायचा तो शेवटच्या लेव्हलला, जिथून पुढे आकडा वाढणार नाही.

आणि मेहेमचे मॉडिफायर (खेळ बदलणारे जादा नियम) आवडले नाहीत तर मेन्यूमधून बदलता येतात, फुकट, परत परत. बरेच जण हे करतच नाहीत! शत्रूंची डोकी मोठी होतात तो गॅलक्सी ब्रेन आला तर तुम्हाला फायदाच आहे, शत्रूंना हील करणारे ड्रोन आले तर सरळ परत फिरवा. शिवाय नंतर मेहेम ११ पण आला, त्यात मॉडिफायर अजिबात नाहीत पण बदल्यात लूट १० पेक्षा जरा कमी. ज्याला डोक्याला ताप नको त्याने ११, ज्याला मॉडिफायर फिरवायचा कंटाळा नाही त्याने १०. मी १० वालाच.

बॉर्डरलँड्स २ मधला प्रकार अजून निराळा आणि नवीन पोरं इथे हमखास फसतात. नॉर्मलमध्ये सुरुवातीलाच नकल ड्रॅगर या बॉसकडून हॉर्नेट पिस्तूल मिळतं, ते मिळवायला कोणी दुपारभर बसतं, आणि दहा-बारा लेव्हल पुढे गेलं की ते भंगार. तिथे एरियाची लेव्हल ठरलेली असते, तुम्ही कितीही मोठे झालात तरी तो बॉस त्याच्याच लेव्हलची वस्तू देणार. २०१३ मध्ये अल्टिमेट व्हॉल्ट हंटर मोड (यूव्हीएचएम) आला, त्यात सगळं जग तुमच्या लेव्हलप्रमाणे वाढतं, म्हणजे बंकर या बॉसकडून शॅम शील्ड घ्यायचं तर तिथेच घ्या, आधी नको. फक्त तिथे शत्रूंची हेल्थ भयानक असते आणि ती परत भरत पण जाते, त्यामुळे स्लॅगची बंदूक (स्लॅग लागलेल्या शत्रूला बाकीच्या गोळ्या जास्त लागतात) नाही तर जाऊच नका. खरंच, स्लॅग न लावता यूव्हीएचएम खेळणं म्हणजे नुसता मॅगझिनचा सत्यानाश आहे.

तिसरा प्रकार सगळ्यात सोपा, वस्तू खाली मिळतच नाही. डेस्टिनी २ मध्ये नाईटफॉल मिशनच्या अ‍ॅडेप्ट (खास आवृत्तीच्या) बंदुका २०२१ ला आल्या त्या ग्रँडमास्टर या त्या वेळच्या सगळ्यात वरच्या लेव्हलमध्ये, तेव्हा खाली कितीही रन मारा, साधीच बंदूक मिळायची. इथे स्टॉपवॉच खिशात ठेवा, जायचं तर जायचंच आहे. फक्त आधी स्वतःला विचारा की ती खास आवृत्ती हवीच आहे का, कारण साधी बंदूक बहुतेक कामाला पुरते आणि ग्रँडमास्टर म्हणजे बॅरियर, ओव्हरलोड, अनस्टॉपेबल असले चॅम्पियन (खास ताकदीचे शत्रू), त्यांना थांबवायला ठरलेली सोय लागते, मेलेल्याला उठवायचे रिव्हाइव्ह मोजके. टीममधल्या तिघांपैकी एकाने जरी तयारी केली नसेल तर अर्ध्या तासाने एकमेकांचं तोंड बघत बसायची पाळी. २०२५ च्या एज ऑफ फेट या एक्स्पान्शनपासून तिथली सिस्टीमच बदललीय, आता स्वतः मॉडिफायर निवडून रिवॉर्डचा ग्रेड वाढवायचा आणि गियरला (सामानाला) १ ते ५ टियर, त्यामुळे जुने व्हिडिओ बघून प्लॅन करू नका.

चौथ्या प्रकारासाठी डिव्हिजन २. तिथे डिफिकल्टी चॅलेंजिंग, हिरोइक अशी वर जाते आणि लूटचा दर्जा सुधारतो हे आहेच, पण त्याच्या जोडीला डायरेक्टिव्ह (आपणहून लावून घ्यायच्या अडचणी) असतात, जास्तीत जास्त पाच लावता येतात आणि प्रत्येकाला २५ टक्के जादा एक्सपी. पाच लावले की १२५ टक्के. पण हा एक्सपी आहे, लूट नाही! लेव्हल भरायची असेल तेव्हा लावा, एखादा ठरावीक व्हेस्ट शोधताय तर मॅपवर त्या एरियाला कुठलं टार्गेटेड लूट (तिथे जास्त पडणारा सामानाचा प्रकार) लागलंय ते बघा आणि डायरेक्टिव्ह काढून भराभर मारा. लावायचेच तर मॅपवरचे शत्रू गायब करणारा फॉग ऑफ वॉर लावा, रस्ते पाठ असले की त्याचा त्रास जाणवत नाही. मॅगझिन संपायच्या आधीच रिलोड केलं तर उरलेल्या गोळ्या फेकणारा जो आहे, तो सवयीने आर (रिलोडचं बटण) दाबणाऱ्यांनी लांबच ठेवावा.

वॉरफ्रेमबद्दल जरा जास्त लिहितो कारण फुकट आहे आणि आपल्याकडे सगळ्यांच्या मशीनवर चालतो. २०२० ला स्टील पाथ हा अवघड मोड आला, शत्रूंच्या लेव्हलमध्ये सरळ १०० वाढतात, बदल्यात मॉड आणि रिसोर्स पडायचा चान्स वाढतो आणि अ‍ॅकोलाइट (खास शत्रू) मारले की स्टील एसेन्स मिळतो, तो गेममधल्या टेशिनच्या दुकानात चालतो. पण प्राइम पार्ट (खास आवृत्तीच्या सामानाचे सुटे भाग) हवे असतील तर स्टील पाथमध्ये जाऊन काही फरक पडत नाही, तो चान्स रेलिकमध्ये (मिशन करून उघडायच्या पेटीसारख्या वस्तूत) असतो. साध्या रेलिकमधून रेअर वस्तू यायचा चान्स २ टक्के, आणि १०० व्हॉइड ट्रेस (गेममध्येच गोळा होणारी वस्तू) घालून रेडियंट केला, म्हणजे सगळ्यात वरच्या दर्जाला नेला, तर १० टक्के. आता चौघांनी तोच रेलिक रेडियंट करून आणला तर प्रत्येकाला चौघांच्या रिवॉर्डमधून निवडता येतं, म्हणजे निदान एकाला तरी रेअर यायचा चान्स ३४ टक्के. चौघांनी साधा आणला तर पावणेआठ. इथे शत्रू जितके सोपे तितकं चांगलं, कॅप्चर मिशन लावा, दोन मिनिटांत बाहेर. उगाच मर्दानगी दाखवायला अवघड मिशन निवडणारा एखादा प्रत्येक टीममध्ये असतोच.

एवढं करूनही वस्तू पडत नाही असं होणार. ५ टक्क्यांचा ड्रॉप २० रनमध्ये "पडायलाच पाहिजे" असं वाटतं ना, तर २० रनमध्ये तो निदान एकदा पडायचा चान्स ६४ टक्के आहे, म्हणजे तिघांतला एक रिकामा जाणार. ९० टक्के खात्री हवी तर ४५ रन धरा. आणि चाळीस झाल्या म्हणून एक्केचाळिसावीचा चान्स वाढत नाही, मांडवीतल्या कसिनो बोटींवर "आता तरी लागेलच" म्हणून बसणाऱ्यांसारखी गत होते. काही गेम आतून चान्स वाढवत नेतात, पण तसं गेमने स्पष्ट सांगितलं असेल तरच धरा. सलग रिकामं गेलं म्हणून चिडून डिफिकल्टी वाढवणं हा तर सगळ्यात वाईट वेळी घेतलेला निर्णय, तेव्हा डोकं तापलेलं असतं आणि दोन रनमध्ये तीनदा मरता.

आपल्याकडचा अजून एक मुद्दा, पाऊस. जूनात पाऊस लागला की लाईट कधी जाईल सांगता येत नाही, साखळीकडची पोरं तर ढग दिसले की लांबचं मिशन लावतच नाहीत आणि बरोबरच करतात. वॉरफ्रेममध्ये सर्व्हायव्हलला (टिकून राहायच्या मिशनला) दर ५ मिनिटांनी रिवॉर्ड मिळतो खरा पण तो हातात येतो एक्स्ट्रॅक्ट झाल्यावर (मिशनमधून बाहेर पडल्यावर), पंचविसाव्या मिनिटाला लाईट गेली की सगळं पाण्यात. त्यामुळे इन्व्हर्टर नसेल तर पावसाळ्यात डिफिकल्टी अशी ठेवा की रन पाच-सात मिनिटांत संपेल, मग चान्स थोडा कमी असला तरी चालेल. बॉर्डरलँड्स ३ मध्ये एवढी भीती नाही, जे उचललं ते तुमचं, आणि जमिनीवर राहिलेलं चांगलं सामान सँक्च्युअरी जहाजावरच्या लॉस्ट लूट मशीनमध्ये येतं, ते मधूनमधून रिकामं करत चला, जागा मर्यादित असते.

लेव्हल बरोबर आहे की नाही हे कसं ओळखायचं? माझं माप असं की साधा शत्रू एका मॅगझिनच्या आत मेला पाहिजे, मोठा बॅडास (जास्त दमाचा शत्रू) दोन-तीनमध्ये, आणि एका रनमध्ये एकदाच्या वर आडवं व्हायला लागलो की एक पायरी खाली. आउटरायडर्समध्ये तर वर्ल्ड टियर आपोआप वाढत जातो, तो ऑटो ऑप्शन पहिल्यांदा बंद करा, स्टोरीत अडकलात तर टियर खाली आणून पुढे जा आणि मग परत वर न्या, कोणी दंड करत नाही. त्याच गेममध्ये एक्स्पिडिशनला (स्टोरी संपल्यावरच्या मिशनना) सुरुवातीला टायमर होता, वेळेत संपवलं तर जास्त बक्षीस, त्यामुळे सगळे डॅमेजचे राक्षस बनून खेळायचे आणि बाकी बिल्ड (स्किल आणि सामानाची जुळणी) कुणी घेईना, मग २०२१ च्या नोव्हेंबरमध्ये न्यू होरायझन अपडेटला टायमरच काढून टाकला.

चवथीला गावच्या घरी सगळे चुलतभाऊ लॅपटॉप घेऊन जमतात तेव्हाचं एक ध्यानात ठेवा, डिफिकल्टी होस्टची लागते. मोठ्या दादाच्या मेहेम १० मध्ये नवीन पोराला घेतलं तर तो रनभर जमिनीवर लोळणार आणि बाकीचे त्याला उठवत बसणार, रन दुप्पट लांबते. बॉर्डरलँड्स ३ मध्ये को-ऑपरेशन मोड लावा, त्यात प्रत्येकाला आपापल्या लेव्हलचे शत्रू आणि आपापली लूट मिळते, दुसऱ्या मोडमध्ये लूट सगळ्यांची एकच असते आणि मग जो आधी धावला त्याचं. होस्ट मात्र त्याला करा ज्याचं गियर सगळ्यात कच्चं आहे.