स्कॉटलंडमधल्या डंडी शहराचा दडलेला इतिहास पायी कसा वाचावा

सुरुवात हाउफ दफनभूमीपासून करा. ही जागा 1564 मध्ये स्कॉटलंडच्या मेरी राणीने शहराला दिली. कारागिरांच्या नऊ संघांच्या सभाही इथेच भरत. थडग्यांवर नावाआधी खूण शोधा: कात्री शिंप्याची, उलट्या 4 सारखी आकृती व्यापाऱ्याची. भर दुपारी कोरीवकाम सपाट दिसतं, म्हणून सकाळी लवकर जा किंवा टॉर्च दगडालगत तिरपा धरा. दगडफूल खरवडू नका, खडूही घासू नका. झिजलेल्या दगडाचा पापुद्रा निघतो आणि अक्षरं कायमची जातात.

मग व्हर्डंट वर्क्स, 1833 ची गिरणी, आता संग्रहालय. बंगालचा ताग राठ. तो मऊ करायला देवमाशाचं तेल लागे, आणि डंडी हे देवमाशांची शिकार करणाऱ्या जहाजांचं बंदर होतं. डंडीत तागाच्या गिरण्या का फोफावल्या, याचं मोठं उत्तर या तेलात आहे.

शेवटी टे नदीकाठी, शक्यतो ओहोटीला. आजच्या रेल्वेपुलाशेजारी 28 डिसेंबर 1879 ला कोसळलेल्या पुलाच्या खांबांचे बुंधे दिसतात.