जुने अवघड व्हिडिओ गेम पुन्हा लावताय? या चुका टाळा

मे महिन्यात ठाण्यात कोपरीला ताईकडे गेलो होतो. तिच्या माळ्यावरून आमचा लहानपणीचा व्हिडिओ गेम निघाला. भाच्याने तो नव्या एलईडी टीव्हीला जोडला, मारिओ लावला आणि पहिल्याच खड्ड्यात चार वेळा पडला. "मामा, बटण दाबलं तरी हा उडीच मारत नाही!" मी रिमोट घेतला, तर माझीही तीच गत. चौथीत असताना या उड्या मी डोळे झाकून मारायचो.

दोष टीव्हीत होता. सुपर मारिओ ब्रदर्स १९८५ चा, डब्बा टीव्हीच्या काळातला. तो टीव्ही सिग्नल येईल तसं चित्र लगेच उमटवायचा. आताचा टीव्ही चित्र आधी मोठं करतो, रंग सुधारतो, मग दाखवतो. तेवढ्यात सेकंदाचा दहावा हिस्सा गेला तरी खड्ड्याची कड पायाखालून निसटलेली असते. सेटिंगमध्ये जाऊन 'गेम मोड' चालू केला आणि भाचा तिसऱ्या प्रयत्नात पार झाला.

म्हणून गेमला नावं ठेवण्याआधी टीव्ही तपासा. हे गेम अवघड आहेत, पण सरळ आहेत. कासव दरवेळी तिथूनच येतं. आपण मेलो तर कुठे चुकलो ते आपल्याला कळतं आणि पुढच्या वेळी हात आपोआप सावध होतो. इतक्या वर्षांनीही मी यांच्याकडे परत येतो तो यासाठीच. मध्ये टीव्हीचा उशीर घुसला की चूक कोणाची हेच कळेनासं होतं.

चित्र काळं-पांढरं आलं तर पिवळी पिन बघा. बऱ्याच नव्या टीव्हींना पिवळं भोक वेगळं नसतं, ती पिन हिरव्यात लावून इनपुट 'एव्ही' करायचं.

कॅसेटमध्ये फुंकर मारू नका. आपण सगळ्यांनी मारली आहे, मान्य. पण चालायची ती कॅसेट काढून परत नीट बसल्यामुळे. तोंडातली वाफ मात्र कॅसेटच्या आतल्या धातूच्या पट्ट्यांवर राहते, आणि ठाण्यात खाडीची दमट हवा आधीच त्यांच्या जिवावर उठलेली असते. आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये कापसाची काडी किंचित भिजवा, पट्ट्या पुसा, पूर्ण वाळू द्या. काडी काळी होऊन येते तेव्हा फार बरं वाटतं. कॅसेट काढताना मशीन बंद हवं.

बदकांवर झाडायची बंदूक एलईडीवर चालत नाही. ती डब्बा टीव्हीसाठीच बनली होती. बिघडली समजून उघडू नका.

आता खेळणाऱ्याच्या चुका. कॉन्ट्रा या गोळीबाराच्या गेममध्ये सुरुवातीच्या स्क्रीनवर वर वर, खाली खाली, डावं उजवं, डावं उजवं, बी, ए केलं की ३० लाईफ मिळतात. शेवट बघायला एकदा वापरा, पण रोज नको. तीस लाईफ असल्या की माणूस न बघता धावत सुटतो आणि गोळी कुठून आली हे शिकतच नाही. तीन लाईफमध्ये तुम्ही झुडपामागचा बंदूकवालासुद्धा ओळखू लागता. 'एस'ची, म्हणजे गोळ्या पसरून मारणारी गन हातात असेल तर वाटेत येणारं 'एम', 'एफ' किंवा 'एल' सोडून द्या, कारण ते घेतलं की 'एस' गेली. आणि धबधब्याच्या स्टेजला पुढच्याने घाई करून वर चढू नये. स्क्रीन वर सरकते आणि खाली राहिलेला जोडीदार मरतो. यावरून मी आणि ताई दोन-दोन दिवस बोलत नसू!

मोबाईलवर हेच गेम खेळणारे प्रत्येक उडीआधी सेव्ह करतात. त्याने गेम संपतो, हात तयार होत नाही. सेव्ह करायचंच असेल तर स्टेजच्या सुरुवातीला करा. मारिओत तर सोय गेममध्येच आहे: गेम ओव्हर झाल्यावर पहिल्या स्क्रीनवर ए दाबून धरून स्टार्ट करा, मेलात त्याच वर्ल्डच्या सुरुवातीपासून खेळता येतं. लहानपणी मला हे माहीतच नव्हतं.

गेल्या रविवारी भाच्याचा फोन आला, मारिओच्या शेवटच्या स्टेजमध्ये, आठ-चारमध्ये अडकलाय. वाट मी सांगितली नाही. एवढंच म्हटलं, "तोच पाईप परत दिसला तर समज रस्ता चुकलास, मागचा पाईप बघ." त्याने फोन ठेवलासुद्धा.