बँकेतल्या विशेष वेतनाची थकबाकी मागताना

विशेष वेतन, म्हणजे स्पेशल पे, आणि विशेष भत्ता, म्हणजे स्पेशल अलाउन्स, हे पगारपत्रकावरचे दोन निरनिराळे रकाने आहेत. बरेच अर्ज यांच्या गल्लतीपायी मागे येतात. विशेष भत्ता दहाव्या द्विपक्षीय करारापासून, म्हणजे बँका आणि कर्मचारी संघटना यांच्यातल्या वेतनकरारापासून (२०१५), आला. कारकून आणि शिपाई वर्गाला तो तेव्हा मूळ वेतनाच्या ७.७५ टक्के होता, अकराव्या करारात १६.४ आणि बाराव्यात (८ मार्च २०२४) २६.५ टक्के झाला. तो सरसकट सर्वांना मिळतो आणि निवृत्तीलाभांत धरला जाणार नाही असे करारातच लिहिलेले आहे. विशेष वेतन मात्र कामाला चिकटलेले असते: हेड कॅशियर, स्पेशल असिस्टंट, दफ्तरी, हत्यारी पहारेकरी. भांडण बहुतेक वेळा याचेच असते.

बँकेचे उत्तर ठरलेले असते: ‘तुमची त्या पदावर नेमणूकच नव्हती’ किंवा ‘तुम्ही ते काम अधूनमधून करत होता’. १९ ऑक्टोबर १९६६ च्या पहिल्या द्विपक्षीय करारात याला चोख उत्तर आहे. पदनाम काहीही असो, ते काम करायला लावले असेल तर हक्क येतो, आणि ते पूर्णवेळ केलेले असलेच पाहिजे अशी अट नाही. पण त्याच करारात असेही आहे की ते काम हातात असेपर्यंतच पैसे मिळतात. नौपाड्याच्या शाखेतून ऐरोलीला बदली झाली आणि तिथे साधे काउंटर मिळाले, तर त्या तारखेपासून विशेष वेतन थांबते. तिथून पुढची मागणी जोडली की आधीच्या रास्त मागणीवरही शंका घेतली जाते.

म्हणून सगळा भर पुराव्यावर. शाखेची ऑफिस ऑर्डर मिळाली तर उत्तम, पण बहुधा तोंडीच चार्ज दिलेला असतो. अशा वेळी तिजोरीच्या चाव्यांचे रजिस्टर, रोकड मोजणीवरच्या सह्या, चार्ज देण्या-घेण्याच्या नोंदी, मूळ माणसाची रजा दाखवणारे हजेरीपत्रक आणि संगणकप्रणालीत तुमच्या आयडीला दिलेले अधिकार यांवरून काम सिद्ध होते. मूळ कागद शाखेबाहेर नेऊ नका. उलट तुमच्यावरच चौकशी लागेल. सरकारी बँक असेल तर माहिती अधिकारात १० रुपये शुल्क भरून तारखा नेमक्या लिहून मागा. ‘सर्व रेकॉर्ड द्या’ असे लिहू नका. उत्तराची मुदत ३० दिवस, पुढे पहिल्या अपिलाला आणखी ३० दिवस. खासगी बँकेत हा मार्ग सहसा चालत नाही.

मग तक्ता करा. एका ओळीत एक महिना: काम केलेले दिवस, त्या वेळी लागू असलेल्या कराराचा दर, त्यावरचा महागाई भत्ता, मिळालेली रक्कम, फरक. महिनाभर काम नसेल तर दिवसांच्या प्रमाणात रक्कम काढा. समजा दर दरमहा २,००० रुपये आणि ३० दिवसांच्या महिन्यात १२ दिवस काम केले, तर महागाई भत्ता सोडून ८०० रुपये होतात. करार बदलला की दर बदलतो; जुन्या महिन्यांना नवा दर लावणे ही सर्वांत नेहमीची चूक.

हा तक्ता जोडून शाखाधिकाऱ्यांमार्फत प्रादेशिक कार्यालयाला पत्र द्या. पोच म्हणून शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का मारायला टाळाटाळ झाली तर स्पीड पोस्टने पाठवा.

पुढचा रस्ता वादाच्या स्वरूपावर ठरतो. औद्योगिक संबंध संहिता, २०२० ही २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू आहे. हक्क करारातून आधीच मिळालेला आहे आणि प्रश्न फक्त रकमेचा आहे, असे असेल तर कलम ५९ खाली कर्मचारी स्वतः अर्ज करू शकतो; हेच काम जुन्या कायद्यात (औद्योगिक विवाद कायदा, १९४७) कलम ३३ सी करत असे. आकडेमोडीची यंत्रे चालवणाऱ्या कारकुनांच्या विशेष भत्त्यावरून (हा २०१५ चा भत्ता नव्हे, तर आजच्या विशेष वेतनासारखा कामाबद्दल मिळणारा) सेंट्रल बँक विरुद्ध राजगोपालन या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्ये ठरवले की, रक्कम काढताना हक्क देणाऱ्या निवाड्याचा अर्थ लावावा लागला म्हणून अर्ज फेटाळता येत नाही. मात्र सर्वोच्च न्यायालयाच्याच गणेश रझाक निकालानुसार हक्काचाच पाया वादात असेल तर हा मार्ग बंद होतो.

तसा वाद असेल तर युनियनने तो उचलायला हवा, कारण एकट्याचा वाद औद्योगिक वाद ठरतो तो मुख्यतः बडतर्फीसारख्या प्रकरणांत. सरकारी आणि खासगी बँकांसाठी ‘योग्य शासन’, म्हणजे असा वाद ज्याच्या अखत्यारीत येतो ते सरकार, केंद्राचे, म्हणून अर्ज मुंबईतल्या केंद्रीय कामगार आयुक्तालयाच्या समेट अधिकाऱ्याकडे, म्हणजे दोन्ही बाजूंत तडजोड घडवणाऱ्या अधिकाऱ्याकडे, जातो, ठाण्याच्या कामगार उपायुक्तांकडे नाही. नवी मुंबईतले बरेच अर्ज नेमके तिथेच चुकतात. सहकारी बँकेचे तसे नाही. तिथे राज्याचे कामगार खाते पाहते. बँक बहुराज्यीय असेल तर आधी अधिकारक्षेत्राची खात्री करून घ्या.

वाद उद्भवून दोन वर्षे उलटली की समेट अधिकारी तो हाती घेऊ शकत नाही. समेट फसला तर त्याचा अहवाल हाती आल्यापासून ९० दिवसांत औद्योगिक न्यायाधिकरणाकडे अर्ज करावा लागतो. पूर्वीसारखे सरकारने वाद तिकडे सोपवण्याची वाट पाहावी लागत नाही. तेव्हा अहवाल मिळाल्याची तारीख त्याच्या पहिल्याच पानावर लिहून ठेवा, आणि समेटाच्या बैठकीत बँकेच्या प्रतिनिधीने रकमेचा काही भाग मान्य केला तर ते त्याच दिवशीच्या इतिवृत्तात नोंदवून त्यावर सही घ्या.