शिवराकाच्या दिवशी रात्रीच्या जेवणाला भाज्या आणि चीजचा दाटसर पास्ता

कोकणातल्या पुष्कळ घरांत सोमवार आणि गुरुवार हे शिवराकाचे, म्हणजे शाकाहारी जेवणाचे, वार असतात, श्रावणात अनेकांकडे महिनाभर मासळी शिजत नाही, आणि १ जून ते ३१ जुलै या काळात पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक मासेमारीला बंदी असल्यामुळे बाजारातही ताजी मासळी तुरळकच दिसते. अशा दिवसांत कामावरून घरी परतायला सात-साडेसात झाले की रात्रीच्या जेवणाला काय करावे हा प्रश्न उभा राहतो, आणि घरात मुले असली तर पास्त्याची मागणी होतेच. भाज्या घालून पांढऱ्या सॉसमध्ये केलेला पास्ता अर्ध्या तासात होतो, पोटभरीचा असतो आणि त्यासाठी क्रीमचे पाकीट आणण्याची गरज नसते. त्याचा दाट, मऊ पोत दूध, थोडे पीठ, पास्ता शिजवलेले पाणी आणि चीज या चार गोष्टींतून येतो. मात्र कोणती गोष्ट केव्हा घालायची आणि तिला किती आच द्यायची हे सांभाळावे लागते.

चार माणसांसाठी २५० ग्रॅम पास्ता, सगळ्या मिळून सुमारे ४०० ग्रॅम भाज्या, एक मध्यम कांदा, लसणीच्या चार पाकळ्या, ३० ग्रॅम लोणी, दोन मोठे चमचे मैदा, अर्धा लिटर दूध, १०० ग्रॅम चीज, अर्धा चमचा भरड कुटलेली मिरी आणि थोडे जायफळ एवढे साहित्य लागते. पास्ता पेने किंवा फुसिली या आकाराचा घ्यावा, कारण नळीच्या पोकळीत आणि पेडाच्या खाचांत सॉस धरून राहतो. ड्युरम गव्हाच्या रव्याचा पास्ता शिजल्यावरही आकार टिकवतो, तर मैद्याचा पास्ता मिनिटभर जास्त शिजला तरी गिळगिळीत होतो; म्हणून पाकिटावरचा घटकांचा तपशील वाचूनच खरेदी करावी. पावसाळ्यात किनाऱ्यावरची हवा इतकी दमट असते की उघडलेल्या पाकिटात पोरकिडे व्हायला वेळ लागत नाही, तेव्हा उरलेला पास्ता घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावा. दुधाच्या बाबतीत एवढेच पाहावे की फुल क्रीम दुधात ६ टक्के आणि टोन्ड दुधात ३ टक्के स्निग्धांश असतो. घरात टोन्ड दूध असेल तर लोणी अर्धा चमचा जास्त घालावे.

चीजविषयी मात्र थोडे विस्ताराने सांगणे आवश्यक आहे. आपल्याकडे चौकोनी वड्यांच्या स्वरूपात मिळणारे प्रक्रिया केलेले चीज या सॉससाठी सर्वांत भरवशाचे ठरते, कारण त्यात घातलेले सायट्रेट किंवा फॉस्फेट यांसारखे क्षार चीजमधली प्रथिने आणि स्निग्धांश एकत्र धरून ठेवतात आणि ते वितळताना तूप वेगळे सुटत नाही. ही पद्धत १९११ साली स्वित्झर्लंडमध्ये चीज अधिक काळ टिकावे म्हणून शोधली गेली. मोझरेला घातल्यास तारा सुटतात, चव सौम्य राहते आणि सॉस मात्र तितका एकजीव होत नाही. त्यामुळे मोझरेला हवेच असेल तर एकूण चीजच्या तिसऱ्या हिश्शापेक्षा जास्त घेऊ नये. पनीर आंबट घालून दूध फाडून केलेले असल्यामुळे ते कितीही तापवले तरी वितळत नाही, म्हणून चीजच्या बदली पनीर किसून घालण्याचा प्रयत्न करू नये. शिवराक पाळणाऱ्यांनी पाकिटावरची हिरवी खूण आठवणीने पाहावी. काही परदेशी चीज वासराच्या जठरातल्या रेनेटने दूध गोठवून करतात, आणि इटलीच्या अस्सल पार्मिजानो रेज्जानोमध्ये तर तेच वापरण्याचा नियम आहे.

पांढऱ्या सॉसमध्ये जायफळ घालण्याची रीत युरोपातली असली तरी जायफळासाठी कोकणी माणसाला दूर जावे लागत नाही. आपल्या नारळी-पोफळीच्या बागांत जायफळाची झाडे उत्तम येतात, दापोलीच्या डॉ. बाळासाहेब सावंत कोकण कृषी विद्यापीठाने ‘कोकण सुगंधा’ ही जायफळाची जातही विकसित केली आहे, आणि त्याच बागांत पोफळीवर मिरीचे वेल चढवलेले असतात. अख्खे जायफळ आणि अख्खी मिरी घरात असताना मिश्र मसाल्याच्या तयार पुड्या वापरू नयेत असे माझे स्पष्ट मत आहे. दुधाच्या सौम्य चवीवर त्या पुड्यांचा वास स्वार होतो. जायफळ बारीक किसणीवर चार-पाच वेळा घासले की पुरते. त्याहून जास्त झाल्यास सॉसला कडसर चव येते.

कामाची सुरुवात पाण्यापासून करावी, कारण सर्वांत जास्त वेळ तेच घेते. मोठ्या पातेल्यात अडीच लिटर पाणी झाकण ठेवून मोठ्या आचेवर चढवावे आणि ते तापेपर्यंत भाज्या चिराव्यात. पाण्याला उकळी आली की दीड मोठा चमचा मीठ घालावे. परंतु खाडीकाठच्या विहिरींचे पाणी उन्हाळ्यात मचूळ होते, तेव्हा ते आधी चाखून पाहावे आणि मीठ त्या बेताने कमी करावे. तेल मुळीच घालू नये, कारण ते पास्त्याच्या अंगाला लागले की पुढे सॉस नीट चिकटत नाही. पाकिटावर लिहिलेल्या वेळेपेक्षा दोन मिनिटे आधी पास्ता काढायचा असतो, म्हणजे तो सॉसमध्ये उरलेला शिजतो. समुद्रसपाटीला पाणी शंभर अंशांच्या आसपास उकळते, त्यामुळे किनाऱ्यावरच्या गावांत पाकिटावरची वेळ तंतोतंत लागू पडते. पास्ता रोवळीत किंवा चाळणीत ओतण्यापूर्वी त्यातले दोन वाट्या पाणी बाजूला काढून ठेवावे. हे पाणी पेजेसारखे गढूळ असते आणि पेजेला ज्या पिष्टामुळे दाटपणा येतो तेच पिष्ट त्यातही उतरलेले असते. सॉसमधले पाणी आणि स्निग्धांश एकमेकांपासून सुटू न देण्याचे काम ते करते. शिजलेला पास्ता थंड पाण्याखाली धुऊ नये, नाहीतर अंगावरचे हे पिष्ट निघून जाते.

भाज्या कोणत्या घ्याव्यात हे त्या दिवशी घरात आणि बाजारात काय आहे त्यावर ठरवावे, मात्र प्रत्येक भाजीची वागणूक ओळखून. माझ्या मते या पास्त्यात लाल भोपळ्याला पहिला मान द्यायला हवा. दीडशे ग्रॅम भोपळ्याच्या साल काढलेल्या मोठ्या फोडी पास्त्याच्या पाण्यात ते तापत असतानाच सोडाव्यात, मऊ झाल्या की झाऱ्याने काढून चमच्याने घोटून घ्याव्यात आणि नंतर सॉसमध्ये मिसळाव्यात. त्यामुळे सॉसला केशरी झाक येते, गोडी येते आणि मैदा अर्ध्या चमच्याने कमी लागतो. भाजी न खाणाऱ्या मुलांच्या पोटात ती अशी सहज जाते. गाजराचे पातळ काप आणि फरसबीचे बोटाच्या पेराएवढे तुकडे पास्ता काढायच्या चार मिनिटे आधी त्याच पाण्यात टाकावेत, म्हणजे वेगळे भांडे लागत नाही. मक्याचे कोवळे दाणे आणि ढोबळी मिरची यांना मात्र पाण्यात घालू नये. ती कढईत मोठ्या आचेवर दोन-तीन मिनिटे परतावीत. अलिबागकडच्या वाचकांना हंगामात तिथला पांढरा कांदा मिळत असेल तर तोच वापरावा, कारण तो उग्र नसतो आणि त्याची गोडी दुधाशी छान जुळते. चैत्र-वैशाखात सोललेले ओले काजूगर मिळाल्यास मूठभर काजूगर गरम पाण्यात भिजवून, साल काढून, चार-पाच मिनिटे उकळून घालावेत; त्यांचा चावा पास्त्याच्या चाव्याच्या जोडीला इतका शोभतो की त्या दिवशी दुसऱ्या भाज्या कमी केल्या तरी चालते. पडवळ आणि दुधी पाणी सोडतात व सॉस पातळ करतात, लाल माठामुळे सगळ्याला गुलाबी रंग चढतो, आणि कडव्या वालांचा उग्रपणा दुधाला मानवत नाही, म्हणून या भाज्या दुसऱ्या दिवसासाठी ठेवाव्यात. चातुर्मासात कांदा-लसूण वर्ज्य करणाऱ्यांनी ती दोन्ही गाळावीत आणि भोपळा थोडा वाढवावा.

पास्ता उकळत असतानाच शेजारच्या शेगडीवर सॉसला सुरुवात करावी. जाड बुडाच्या कढईत लोणी मंद आचेवर वितळवून बारीक चिरलेला कांदा व लसूण रंग न बदलता मऊ होईपर्यंत परतावीत, मग मका आणि ढोबळी मिरची परतून भाज्या एका ताटलीत काढाव्यात. भाज्यांबरोबर काही लोणी गेले असेल तर कढईत चमचाभर आणखी घालावे. त्या लोण्यात मैदा घालून मंद आचेवर दीड-दोन मिनिटे हलवत राहावे. कच्च्या पिठाचा वास जाईपर्यंत भाजणे महत्त्वाचे आहे, पण त्याला तांबूस रंग येऊ देऊ नये. पिठाचा प्रत्येक कण लोण्यात माखला गेला की दूध घातल्यावर कण एकमेकांना चिकटत नाहीत आणि गुठळ्या होत नाहीत. तरीही पहिले अर्धी वाटी दूध थंडच घालावे, ते पूर्ण मिसळून गुळगुळीत झाले की मगच पुढचे घालावे, आणि पहिल्या तीन-चार वेळांनंतर उरलेले एकदम ओतायला हरकत नाही. सगळे दूध घातल्यावर सॉसला तळापासून ढवळत बारीक उकळी आणावी आणि तीन-चार मिनिटे तशीच ठेवावी, कारण उकळीच्या जवळ पोहोचल्याशिवाय मैद्यातले पिष्ट पूर्ण फुगत नाही. चमच्याच्या पाठीवर सॉसचा थर बसला आणि त्यावर बोटाने ओढलेली रेघ तशीच राहिली, म्हणजे दाटपणा बरोबर आला.

घरात मैदा नसेल तर अडण्याचे कारण नाही. तांदळाचे पीठ कोकणात प्रत्येक स्वयंपाकघरात असते. त्याचे दोन मोठे चमचे वाटीभर थंड दुधात कालवून, ते कढईतल्या तापलेल्या दुधात सतत ढवळत ओतावे व पाच मिनिटे शिजवावे. या सॉसचा रंग अधिक शुभ्र येतो. पीठ घावन किंवा मोदकांसाठी घेतो तसे बारीक असावे, नाहीतर सॉस जिभेला रवाळ लागतो.

यानंतर भोपळ्याचा गर, मिरी आणि जायफळ घालून आच बंद करावी आणि मगच किसलेले चीज दोन-तीन भागांत मिसळावे. या एका नियमात तडजोड करू नये. उकळत्या सॉसमध्ये चीज घातले तर त्यातली प्रथिने आवळली जातात आणि चिवट गोळे व तेलाचा तवंग असे दोन भाग होऊ शकतात. टोमॅटो, लिंबू, कोकम यांपैकी काहीही दुधात शिजवू नये, कारण आंबटामुळे तापलेले दूध फुटते. निथळलेला पास्ता, गाजर, फरसबी आणि ताटलीतल्या भाज्या कढईत टाकून अगदी मंद आचेवर दोन मिनिटे हलक्या हाताने ढवळावे आणि राखून ठेवलेले पाणी पाव-पाव वाटी घालत जावे. कढईत असताना सॉस थोडा पातळ वाटला पाहिजे, कारण ताटात वाढेपर्यंत पास्ता त्यातला ओलावा शोषून घेतो. पास्त्याच्या पाण्यात मीठ होते आणि चीजही खारट असते, तेव्हा वरून मीठ घालायचेच असेल तर या टप्प्यावर चव पाहून चिमूटभर घालावे.

ज्यांना गाईम्हशीचे दूध चालत नाही त्यांनी दोन वाट्या नारळाचे दूध वापरून हाच पास्ता करावा. पहिले, दाट दूध वेगळे ठेवून दुसऱ्या, पातळ दुधात तांदळाचे पीठ शिजवावे आणि दाट दूध आच बंद केल्यावर घालावे. नारळाचे दूध खळखळून उकळले की फुटते हे सोलकढी करणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक आहे. चीज अर्थातच वगळावे लागते आणि लोण्याऐवजी तेल घ्यावे लागते, पण मूठभर काजू भिजवून वाटून घातले तर दाटपणाची उणीव राहत नाही, आणि शेवटी चार कढीपत्त्याची पाने तेलात तडतडवून वर घातली की चवही आपल्या ओळखीची होते.

पास्ता उरल्यास तो कोमट होताच झाकून फ्रीजमध्ये ठेवावा, कारण दुधाचा पदार्थ इथल्या उष्ण हवेत दोन तासांपेक्षा जास्त बाहेर राहू देणे योग्य नाही. सकाळी तो घट्ट गोळ्यासारखा दिसतो. पाव वाटी दूध घालून, झाकण ठेवून, मंद आचेवर मधूनमधून हलवत पूर्ण गरम केल्यास पुन्हा सैल होतो. शाळेच्या डब्यात द्यायचा असेल तर रात्रीच पास्ता आणि सॉस वेगवेगळ्या डब्यांत ठेवावेत, सकाळी दोन्ही गरम करून एकत्र करावेत, आणि सॉस नेहमीपेक्षा थोडा पातळ ठेवावा.