जमिनीच्या अपिलात रिमांड मागण्याआधी

जमिनीच्या दाव्यात निकाल विरोधात गेला की अपिलाच्या मेमोत (अपील अर्जात) ‘केस रिमांड करावी’, म्हणजे फेरनिर्णयासाठी खालच्या कोर्टाकडे परत पाठवावी, ही मागणी डोळे झाकून घालायची सवय पुण्याच्या शिवाजीनगर कोर्टात काही नवी नाही. बऱ्याचदा ती अशिलाच्याच मुळावर येते. दावा जुन्या नंबरावर पुन्हा उभा राहतो, साक्षी होतात, निकालावर पुन्हा अपील होते, आणि वाटपाचा दावा असेल तर मधल्या काळात सातबाऱ्यावर नवे वारस चढतात.

म्हणून आधी कामाचे कागद घेऊन बसा. वादपत्र, कैफियत (प्रतिवादीचे लेखी उत्तर), मुद्दे (कोर्टाने ठरवलेले वादाचे प्रश्न) काढल्याची निशाणी (कोर्टाचा क्रमांक पडलेला कागद), रोजनामा (कामकाजाची तारीखवार नोंद) आणि निकालपत्र यांच्या नकला लागतील. वादातल्या प्रत्येक गोष्टीपुढे तीन नोंदी करा. मुद्दा निघाला होता का, पुरावा कोणत्या निशाणीला आहे, आणि निकालपत्रात त्यावर निष्कर्ष दिलाय का. काय मागायचे ते या तक्त्यावरूनच ठरते.

पुरावा रेकॉर्डवर आहे, फक्त निष्कर्ष चुकला किंवा कारणे तोकडी आहेत, तर रिमांड नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41 नियम 24 खाली अपील कोर्टाने स्वतःच निकाल द्यायचा असतो. (पुढे नुसता ‘नियम’ म्हटले की आदेश 41 चा, आणि कलमे याच संहितेची.) गरज पडली तर मुद्दे नव्याने काढूनसुद्धा. खालच्या कोर्टाची कारणमीमांसा काही बाबतीत चुकली एवढ्यावर प्रकरण परत पाठवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने अश्विनकुमार पटेल (1999) प्रकरणात म्हटले आहे. पहिल्या अपिलात वस्तुस्थिती आणि कायदा दोन्ही खुले असतात, हे पुष्कळजण विसरतात.

महत्त्वाचा मुद्दाच निघाला नाही, उदाहरणार्थ कैफियतीत प्रतिकूल कब्जा (दीर्घकाळच्या उघड ताब्यावरून मालकीचा दावा) मांडला पण त्यावर मुद्दा नाही, तर नियम 25 मागा. अपील कोर्ट तेवढा मुद्दा खाली पाठवते, ठरवलेल्या मुदतीत पुरावा आणि निष्कर्ष परत येतात, आणि अपील तोवर प्रलंबित राहते. हुकूमनामा (खालच्या कोर्टाची डिक्री) रद्द होत नाही. निष्कर्ष विरोधात आला तर नियम 26 प्रमाणे हरकती दाखल करायला कोर्ट मुदत देते, ती चुकवू नका. मात्र मुद्दा नसतानाही दोन्ही बाजूंनी त्यावर साक्ष दिली असेल, उलटतपास झाला असेल, तर नियम 25 चीही गरज नाही.

सगळ्यात जास्त गोंधळ मोजणीत होतो. समजा, मुळशीतल्या एका गटात शेजाऱ्याने 3 गुंठे दाबल्याचा दावा आहे. वादीने स्वतः अर्ज करून भूमी अभिलेखकडून मोजणी करून घेतली, ‘क’ प्रत (मोजणीच्या नकाशाची नक्कल) हजर केली, पण मोजणीदाराला साक्षीला बोलावलेच नाही. नकाशा शाबीत नाही म्हणून दावा फेटाळला. इथे उणीव एका साक्षीदाराची आहे, अख्ख्या खटल्याची नव्हे. नियम 27 खाली जादा पुराव्याचा अर्ज द्या आणि नियम 28 प्रमाणे ती साक्ष अपील कोर्टाने घ्यावी किंवा खालच्या कोर्टाकडून नोंदवून मागवावी, असे लिहा. अर्जात आधी साक्ष का दिली नाही याचे तारीखवार कारण हवे. ‘वकिलांच्या नजरचुकीने’ एवढ्यावर अर्ज सहसा टिकत नाही. हद्दीचा नकाशाच नसेल तर कलम 107 मुळे अपील कोर्टही आदेश 26 नियम 9 खाली कोर्ट कमिशनर (जागेवर जाऊन पाहणी-मोजणी करणारा कोर्टाचा प्रतिनिधी) नेमू शकते. कोर्टाच्या हुकमाने झालेल्या अशा मोजणीचा अहवाल आदेश 26 नियम 10 प्रमाणे पुराव्याचा भाग होतो. हरकत असलेली बाजू कमिशनरला तपासू शकते. पक्षकाराने स्वतः करून घेतलेल्या मोजणीला ही सवलत नाही.

आता खरी रिमांड. दावा मुदत, रेस ज्युडिकाटा (तोच वाद आधीच निकालात निघालेला असणे) अशा प्राथमिक मुद्द्यावरच निकालात निघाला आणि तो निकाल अपिलात उलटला, तर नियम 23 लागतो. कारण बाकीच्या बाबींवर पुरावाच झालेला नसतो. संपूर्ण चौकशीनंतरचा निकाल असेल तर 1976 च्या दुरुस्तीने आलेला नियम 23अ. त्यात दोन अटी एकत्र लागतात: हुकूमनामा सकारण उलटला पाहिजे आणि फेरचौकशी आवश्यक ठरली पाहिजे. ‘न्यायाच्या दृष्टीने एक संधी द्यावी’ एवढेच लिहिलेला रिमांडचा हुकूम वरच्या कोर्टात टिकणे कठीण. सिराजुद्दीन विरुद्ध झीनत (2023) हा निकाल यासाठी वाचून ठेवा.

23अ साठी दमदार कारणे मोजकीच. वाटपाच्या दाव्यात बहिणीला पक्षकारच केले नाही, हे त्यातले पुण्याच्या आसपास नेहमी भेटणारे. कलम 99 किरकोळ चुकांना अपिलात माफी देते, पण आवश्यक पक्षकार वगळण्याला देत नाही. साक्षीदाराचा उलटतपास करूच दिला नाही, किंवा समन्स बजावणीच खोटी निघाली, हीदेखील तशीच कारणे.

मेमोतली मागणी उतरत्या क्रमाने लिहा. ‘हुकूमनामा रद्द करून दावा मंजूर करावा, तसे न झाल्यास मुद्दा क्रमांक अमुकवर नियम 25 खाली निष्कर्ष मागवावा, तेही शक्य नसल्यास नियम 23अ खाली, केवळ अमुक मुद्द्यांपुरती, फेरचौकशी व्हावी.’ ‘केवळ’ लिहायला विसरलात तर समोरची बाजू सगळेच पुन्हा उकरते.

रिमांड झालीच तर मनाई आणि ‘जैसे थे’ बद्दल त्याच हुकमात स्पष्ट लिहून घ्या. जुना अंतरिम हुकूम आपोआप जिवंत होतो असे धरून चालू नका. हुकूमनाम्याची अंमलबजावणी होऊन कब्जा गेला असेल तर तो परत मिळवायला कलम 144 चा अर्ज वेगळा करावा लागतो. आधी नोंदवलेला पुरावा वाया जात नाही, रास्त हरकतींना अधीन राहून तो वापरता येतो.

हुकूम मान्य नसेल तर जिल्हा न्यायालयाच्या नियम 23 किंवा 23अ खालच्या हुकमावर आदेश 43 नियम 1(यू) प्रमाणे उच्च न्यायालयात अपील होते. मुदत 90 दिवस, नक्कल मिळायला लागलेला काळ वजा. इथे गप्प बसलात तर कलम 105(2) मुळे पुढे त्या रिमांडवर बोट ठेवता येत नाही. नियम 25 च्या हुकमावर असे अपील नाही. रिमांडच्या हुकमावरचे अपील दुसऱ्या अपिलासारखे कायद्याच्या मुद्द्यांवरच चालते, तेव्हा साक्षीपुराव्यात शिरणारी कारणे मेमोतून काढून टाका. अपील करायचे नसेल तर नियम 26अ प्रमाणे खालच्या कोर्टात हजर राहण्याची तारीख हुकमात आहे ना, ते त्याच दिवशी पाहा.