कथेसाठी काळाशी खेळणारं जादूचं फूल कसं तयार करायचं

फँटसी कथा लिहिताय किंवा गेम बनवताय आणि त्यात काळाशी संबंध असलेलं एखादं जादूचं फूल हवंय, तर बाकी काही करायच्या आधी हे ठरवा की ते फूल काळाचं नेमकं काय करतं, आणि ते एकच ठेवा. वास घेतला की भूतकाळ दिसतो, पाकळी खाल्ली की वय कमी होतं, मुळी उगाळून प्यायली की वेळ थांबते असं सगळं एकाच फुलात कोंबलंत तर वाचकाला लगेच कळतं की हिरो अडकला की फूल काहीतरी नवीन करून दाखवणार, आणि मग कशाचीच धाकधूक उरत नाही.

उदाहरण म्हणून आपण एक फूल घेऊया, नाव आधीगंधा. ह्याचा गुण एवढाच की वास फुलाच्या एक दिवस आधी येतो. म्हणजे आज संध्याकाळी येतोय तो वास उद्या संध्याकाळी उमलणाऱ्या फुलाचा, आणि प्रत्यक्ष उमललेल्या फुलाला अजिबात वास नाही, कारण तो कालच येऊन गेला. बस, एवढंच.

आता ह्याला खऱ्या झाडांचा आधार द्या. हे खरंच करा, कारण झाडं काळ मोजतातच. १७२९ मध्ये द मेराँ ह्या फ्रेंच शास्त्रज्ञाने लाजाळूच्या जातीचं झाड अंधारात ठेवून पाहिलं तर उजेड नसतानाही पानं दिवस-रात्रीच्या हिशोबाने उघडत-मिटत राहिली. लिनियस ह्या स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञाने १७५१ मध्ये कुठलं फूल किती वाजता उघडतं-मिटतं ह्यावरून फुलांचं घड्याळच मांडलं होतं. नीलकुरिंजी १२ वर्षांनी फुलते, काही बांबू तर साधारण ४८ वर्षांनी एकदम फुलतात आणि मरून जातात. आणि सगळ्यात भारी म्हणजे सायबेरियाच्या गोठलेल्या जमिनीत खारींनी पुरून ठेवलेल्या जवळपास ३२,००० वर्षं जुन्या फळाच्या पेशींपासून शास्त्रज्ञांनी रोपं वाढवली, त्यांना पांढरी फुलं आली, २०१२ मध्ये हे जाहीर झालं. ह्यातलं एखादं घ्या आणि एकच पाऊल पुढे न्या, जादू तेवढ्यानेच खरी वाटायला लागते.

शेवंतीचंच बघा ना, तिला फुलायला लांब रात्र लागते, रात्री मध्येच लाईट लावला तर कळ्या धरायचं लांबतं. हाच नियम थोडा ताणून आधीगंधाला द्या, की रात्री तिच्याजवळ दिवा लावला तर तयार कळीसुद्धा उमलत नाही. हा दिवा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

मग किडे-पाखरांचा विचार करा, बरेच जण हा भाग सोडून देतात आणि मला तर तोच सगळ्यात आवडतो. वासावर मधमाशी आली तर तिला बंद कळी मिळणार. मग परागीकरण कसं होणार? पण मधमाश्यांना वेळ लक्षात राहते, जिथे ज्या वेळेला मध मिळतो तिथे त्या दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला येतात. हेही थोडं ताणा, म्हणजे तुमच्या कथेतल्या माश्या आज नुसता वास घेऊन जातील आणि उद्या त्याच वेळेला बिनवासाच्या फुलावर बरोबर हजर होतील. असं काही जुळलं ना की फूल जगात रुजल्यासारखं वाटतं.

आता सगळ्यात अवघड प्रश्न, आणि तो वाचक विचारणारच, की वास आला आणि मग कोणी कळीच तोडली तर? उद्या फूलच नाही तर आजचा वास आला कुठून? इथे गोलमाल उत्तर देऊ नका. मी सरळ असं ठेवीन की वास आला म्हणजे फूल उमलणारच, कोणी तोडायला गेलं तरी तोडणं जमत नाही. हे एकदा पक्कं केलं की खरी गंमत उलट बाजूने येते, कळी टपोरी झालीय, आज वास यायलाच हवा होता आणि येत नाहीये. म्हणजे उद्यापर्यंत काहीतरी होणार. आग, पूर, कुऱ्हाड, काहीही. वास नसणं हीच बातमी, आणि अख्खं गाव रात्रभर जागं. आणि आता तो दिवा आठवा, कारण कोणीतरी मुद्दाम रात्री झाडाजवळ दिवा लावणार असेल तर उद्या फूल उमलणार नाही, म्हणून आज वासही येणार नाही, आणि लोक नसलेल्या संकटाला घाबरून गाव सोडतील. दोन साधे नियम आणि प्लॉट आपोआप उभा राहतो.

मर्यादा पण लिहून ठेवा: वास किती लांब जातो, सगळ्यांना येतो की काहींनाच, कलम केलं तर गुण उतरतो का. उत्तरं कथेत सगळी सांगायची नाहीत, पण तुम्हाला माहीत पाहिजेत.

लिहिताना कागदावर दोन रकाने करा, एकात वासाचा दिवस आणि दुसऱ्यात उमलण्याचा, आणि प्रत्येक सीन त्यात बसवून बघा. विशेषतः जिथे फूल केसात माळलंय किंवा हातात आहे असे सीन तपासा, कारण तिथे हात सवयीने "सुगंध दरवळला" लिहून जातो आणि आपल्या फुलाला तर तेव्हा वासच नसतो.